साक्ष आणि नोंद
(संस्थेच्या व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा लेखरूप मजकूर)



व्याख्यानमालेच्या पत्रिकेत 'चित्रपट' हा विषय आणि त्याखाली माझे नाव पाहून आपल्यापैकी अनेकांना आश्चर्य वाटले असेल. मी चित्रपटांचा समीक्षक नाही. कोर्टात लघुलेखक म्हणून ३१ वर्षे नोकरी करून निवृत्त झालेला मी एक साधा माणूस आहे. साक्षीदार बोलायचे, न्यायाधीश मला सांगायचे आणि मी टंकलेखन यंत्रावर उतरवायचे, यात माझा जन्म गेला. आज ज्या चित्रपटाविषयी मी बोलणार आहे, त्याने माझ्या या नोकरीकडे मला नव्याने पाहायला लावले. म्हणूनच हे बोलण्याचे धाडस करतो आहे.

तो चित्रपट म्हणजे चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट'. २०१४ साली व्हेनिसच्या महोत्सवात तो प्रथम दाखवला गेला. तेथे 'ओरिझोन्ती' विभागातील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार त्याला मिळाला आणि पहिल्या चित्रपटासाठी दिला जाणारा पुरस्कारही मिळाला. पुढे सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि एप्रिल २०१५ मध्ये तो आपल्याकडे प्रदर्शित झाला. ऑस्करसाठी भारतातर्फे हाच चित्रपट पाठवण्यात आला होता. व्हेनिसला तो दाखवला गेला तेव्हा दिग्दर्शकाचे वय अवघे २७ वर्षांचे होते. पाठीशी मोठी निर्मितीसंस्था नाही, नावाजलेला नट नाही. चित्रपटात बचाव पक्षाच्या वकिलाचे काम करणारे विवेक गोम्बर हेच त्याचे निर्माते. स्वतंत्र चित्रपट म्हणतात तो असा.

पण पुरस्कारांची यादी वाचून दाखवण्यासाठी मी उभा नाही. चित्रपट कशाविषयी आहे ते आधी थोडक्यात सांगतो.

नारायण कांबळे हे मुंबईतले एक वयस्क लोकशाहीर. चित्रपट सुरू होतो तेव्हा ते मुलांची शिकवणी घेत आहेत. शिकवणी आटोपून ते बसने एका वस्तीत कार्यक्रमाला जातात. कार्यक्रम ऐन रंगात असताना पोलीस मंचावर येतात आणि त्यांना अटक होते. आरोप कोणता? गटारात उतरणारा वासुदेव पवार नावाचा एक सफाई कामगार मॅनहोलमध्ये मेला. त्याच्या वस्तीत कांबळे यांनी म्हणे असे एक गाणे म्हटले होते की सफाई कामगारांनी गटारातच जीव द्यावा. ते ऐकून त्याने आत्महत्या केली, म्हणून शाहीर हे आत्महत्येस प्रवृत्त करण्याचे गुन्हेगार. पुढे खटला चालतो. तारखा पडतात. एक साक्षीदार असा निघतो की तो पोलिसांच्या अनेक खटल्यांत साक्षीदार म्हणून उभा राहिलेला आहे. तुरुंगातल्या एका मित्राने 'माझ्या आईकडे लक्ष द्या' असे पत्र लिहिलेले असते, त्यातही सांकेतिक भाषा शोधली जाते. मोठ्या मिनतवारीने जामीन मिळतो आणि त्यानंतर कांबळे यांना दुसऱ्यांदा अटक होते. या वेळी कायदा असतो बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायदा. तेवढ्यात कोर्टाला सुट्टी लागते. शिपाई दिवे बंद करतो. पडद्यावर काही क्षण नुसता अंधार राहतो.

मित्रहो, ही गोष्ट रचलेली आहे. नारायण कांबळे नावाचा शाहीर झाला नाही आणि वासुदेव पवारही झाला नाही. कोर्टाची ती खोलीसुद्धा चित्रपटासाठी उभारलेली आहे. तरीही बघणाऱ्याला वाटते की कोणीतरी खऱ्या कोर्टात मागच्या बाकावर कॅमेरा ठेवून दिला आणि जे घडले ते टिपून घेतले. पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीच. कॅमेरा एका जागी उभा असतो. वकील बोलत असताना मागे कोणी जांभई देतो, कोणी कागद चाळतो, पुढच्या खटल्याची माणसे दारात येऊन थांबतात. सरकारी वकील बाई कायद्याची कलमे एका सुरात वाचत जातात. गीतांजली कुलकर्णी यांनी हे काम असे केले आहे की मला माझ्या कोर्टातल्या दोन-तीन जणी आठवल्या. कथापटाला माहितीपटाचे रूप दिले आहे ते असे.

आता विद्यार्थी मित्रांसाठी थोडे सांगतो. माहितीपट म्हणजे खरे आणि कथापट म्हणजे खोटे, अशी आपली सोपी समजूत असते. ती पहिल्यापासूनच खरी नव्हती. १९२२ साली रॉबर्ट फ्लाहर्टी यांनी उत्तरेकडच्या बर्फाळ प्रदेशातील एका कुटुंबावर 'नानूक ऑफ द नॉर्थ' हा माहितीपट काढला. बर्फाच्या घरात कॅमेऱ्याला उजेड पुरेना, म्हणून एक मोठे घर बांधून त्याची एक बाजू उघडी ठेवली आणि त्यात ते कुटुंब झोपते-उठते असे दाखवले. म्हणजे माहितीपटातही रचना आलीच. उलट, १९४८ साली इटलीत व्हित्तोरिओ द सिका यांनी 'बायसिकल थीव्ज' काढला तेव्हा बेकार मजुराच्या भूमिकेसाठी त्यांनी लाम्बेर्तो माज्जोरानी या कारखान्यातल्या खऱ्या कामगाराला घेतले. म्हणजे कथेत खरा माणूस आला.

या वाटेवरचे एक उदाहरण आजच्या विषयाला अगदी जवळचे आहे. इराणचे अब्बास किआरोस्तामी यांचा १९९० चा 'क्लोज-अप'. तेहरानमधल्या हुसेन सब्झियान नावाच्या एका गरीब माणसाने आपण मोहसिन मखमलबाफ हे प्रसिद्ध दिग्दर्शक आहोत असे सांगून एका सुखवस्तू घरात प्रवेश मिळवला. फसवणुकीचा खटला झाला. किआरोस्तामींनी परवानगी मिळवून प्रत्यक्ष कोर्टात कॅमेरे लावले, आणि आधी घडून गेलेले प्रसंग त्याच खऱ्या माणसांकडून पुन्हा करवून घेतले. कोर्टात एक कॅमेरा केवळ आरोपीच्या चेहऱ्यासाठी होता. जे कोर्टाला पटणार नाही, कळणार नाही, ते या कॅमेऱ्याला सांग, असे दिग्दर्शकाने त्याला सांगितले होते. एक न्यायालय कायद्याचे आणि एक समजून घेण्याचे, अशी ही दोन न्यायालये एकाच खोलीत चालू होती.

आपल्याकडे कनिष्ठ न्यायालयात साक्ष चालू असताना असा कॅमेरा नेता येत नाही. तेथे गरीब माणसाचे काय होते हे बाहेर कळण्याचा मार्ग एकच, तो म्हणजे कोर्टाची नोंद. आणि ती नोंद कशी होते हे माझ्यासारख्याला ठाऊक असते. म्हणून मला वाटते, ताम्हाणे यांनी कथेचा आधार घेतला तो केवळ आवड म्हणून नव्हे. जेथे माहितीपटाला दार बंद आहे तेथे कथाच आत जाऊ शकते. मात्र आत गेल्यावर तिने माहितीपटासारखे प्रामाणिक राहिले पाहिजे, हे पथ्य त्यांनी पाळले.

आता नोंदीविषयी. आपल्याला वाटते, साक्षीदार जे बोलतो तेच कागदावर येते. तसे नसते. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम २७६ होते. सत्र न्यायालयात साक्ष सामान्यतः कथनाच्या स्वरूपात लिहून घ्यावी, असे त्यात सांगितले होते. प्रश्न आणि उत्तरे जशीच्या तशी लिहिणे हे न्यायाधीशांच्या मर्जीवर होते. किरकोळ मानल्या जाणाऱ्या समन्स खटल्यांत तर साक्षीच्या साराची टिपणी पुरे होती. १ जुलै २०२४ पासून त्या संहितेची जागा नव्या संहितेने घेतली आहे, पण माझी सारी नोकरी जुन्या संहितेखाली झाली. म्हणजे बघा, ज्याला आपण सरकारी दस्तऐवज म्हणतो, तोही कोणीतरी रचलेले कथनच असते. साक्षीदार तुटक बोलतो, रडतो, मध्येच गप्प होतो. न्यायाधीश त्यातून कामाचे तेवढे घेतात, आपल्या भाषेत सांगतात आणि टंकलेखक उतरवतो.

'कोर्ट' चित्रपटात हे अनेकदा दिसते. न्यायाधीश सदावर्ते यांचे काम प्रदीप जोशी यांनी केले आहे. साक्षीदाराचे ऐकता ऐकता ते टंकलेखकाकडे वळून वाक्य सांगतात. इतरांना तो तपशील वाटेल. मी मात्र खुर्चीत ताठ बसलो. पडद्यावर मीच बसलो होतो.

आणि मग वासुदेवची विधवा साक्षीला येते. तिचे नाव शर्मिला. वकील विचारतो, ती सांगते. नवऱ्याचा एक डोळा गटारातल्या वायूने गेला होता. सुरक्षेचे साहित्य मिळत नसे. उतरण्यापूर्वी तो खडा टाकून बघायचा. झुरळ बाहेर आले तर आत जीव जगू शकतो असे समजायचे आणि उतरायचे. वास सहन व्हावा म्हणून दारू प्यायचा. आत्महत्येचे तो कधी बोलला नव्हता. हे सारे ती सपाट आवाजात सांगते. डोळ्यांत पाणी नाही, हात जोडणे नाही. ही भूमिका करणाऱ्या उषा बाणे या व्यावसायिक नटी नव्हत्या. त्यांचे पतीही मॅनहोलमध्ये उतरणारे कामगार होते. म्हणजे पडद्यावर जी बाई साक्ष देते आहे, ती रचलेल्या खटल्यात खऱ्या आयुष्याची साक्ष देते आहे. एखाद्या कसलेल्या नटीने या जागी आपल्याला रडवले असते. त्या रडवत नाहीत, आपल्याला ऐकायला लावतात. साक्षीनंतर वकील आपल्या गाडीतून तिला सोडायला जातो आणि पैसे देऊ करतो. ती पैसे घेत नाही. काही काम असेल तर सांगा, म्हणते. या एका प्रसंगात आपल्या आयाबहिणींचा सारा स्वाभिमान आला आहे.

बंधू-भगिनींनो, आता एक गोष्ट सांगतो. ती मी इतकी वर्षे घरीही सांगितली नव्हती. नोकरीच्या सुरुवातीच्या काळात मी एका तालुक्याच्या कोर्टात होतो. विहीर खोदताना दरड कोसळून एक मजूर मेला होता आणि कंत्राटदारावर निष्काळजीपणाचा खटला होता. मजुराची बायको साक्षीला आली. ती आपल्यातलीच होती. ती बराच वेळ बोलली. आदल्या रात्री पाऊस झाला होता. सकाळी नवरा म्हणाला होता की माती ओली आहे, आज उतरणे बरे नाही. मुकादमाने सांगितले की आज नाही उतरलास तर आठवड्याची मजुरी नाही. त्याने भाकरी बांधून घेतली, पण खाल्ली नाही. ती भाकरी तिला संध्याकाळी तशीच फडक्यात मिळाली. हे सारे ती सांगत होती आणि मी यंत्रावर बोटे ठेवून वाट पाहत होतो. शेवटी मला सांगण्यात आले ते असे : साक्षीदार मयताची पत्नी आहे. घटनेच्या वेळी ती जागेवर हजर नव्हती. मुकादमाचे बोलणे तिने स्वतः ऐकलेले नाही.

त्यात एकही शब्द खोटा नव्हता. कायद्याने ते बरोबरच होते. ऐकीव गोष्ट पुरावा होत नाही हे मलाही कळत होते. पण साक्ष संपल्यावर ती व्हरांड्यात थांबली होती. मी बाहेर आलो तेव्हा तिने विचारले, "साहेब, माझं समदं लिवलं न्हवं?"

मी म्हणालो, "होय बाई, सगळं लिहिलं."

तो कंत्राटदार सुटला. माझ्या त्या 'होय'ने निकालात काही फरक पडला नसता, हे मी स्वतःला अनेकदा समजावले आहे. पण शर्मिलाची साक्ष पडद्यावर पाहिली आणि ती भाकरी मला आठवली. ती भाकरी आजही कुठल्याच कागदावर नाही. आज या भाषणात प्रथमच तिची नोंद होते आहे.

म्हणून मी म्हणतो की हा चित्रपट महत्त्वाचा आहे. नोंदीतून जे गळते ते त्याने धरून ठेवले. आणि ते धरताना त्याने कोणाला राक्षस केले नाही. सरकारी वकील बाई संध्याकाळी लोकलने घरी जातात, स्वयंपाक करतात, नवऱ्याला आणि मुलांना वाढतात. न्यायाधीश सुट्टीत नातेवाइकांबरोबर सहलीला जातात आणि न बोलणाऱ्या एका मुलासाठी अंगठीतल्या खड्याचा सल्ला देतात. ही माणसे आपल्या ओळखीची आहेत. अन्याय करायला दुष्ट माणसेच लागतात असे नाही, तो रोजच्या कामाच्या ओघातही होतो. बिनबाह्यांचा पोशाख केला म्हणून एका बाईचा खटला न्यायाधीश त्या दिवशी ऐकत नाहीत. त्या खोलीत कोणालाही त्याचे काही वाटत नाही. मलाही माझ्या दिवसांत वाटले नसते.

नारायण कांबळे यांची भूमिका करणाऱ्या वीरा साथीदार यांच्याविषयी बोलल्याशिवाय हे भाषण पुरे होणार नाही. ते नागपूरचे, आंबेडकरी चळवळीतले कार्यकर्ते, 'विद्रोही' मासिकाचे संपादक. तेही व्यावसायिक नट नव्हते. मंचावर डफाच्या साथीत उभे राहणे, पोलिसांना उत्तरे देणे, तारखांना जाणे, हे त्यांना शिकवावे लागले नसावे असे पडद्यावर वाटते. चित्रपटातील गाणी शाहीर संभाजी भगत यांची आहेत. म्हणजे शाहिराच्या भूमिकेमागे खरी शाहिरी परंपरा उभी आहे. वीरा साथीदार १३ एप्रिल २०२१ रोजी नागपूर येथे कोरोनाने गेले. दुसऱ्या दिवशी बाबासाहेबांची जयंती होती.

याच भूमीवरचा एक माहितीपट आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. आनंद पटवर्धन यांचा २०११ चा 'जय भीम कॉम्रेड'. जुलै १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई नगरात गोळीबार झाला, दहा माणसे गेली आणि त्या दुःखात शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवले. तेथून सुरू झालेले ते काम १४ वर्षे चालले. पटवर्धनांनी घडलेले जमवले, ताम्हाणे यांनी घडत असलेले रचले. दोन्हीही हवेत. एकाने दुसऱ्याची जागा घेऊ नये.

आता थोडी तक्रारही करतो, कारण नुसती स्तुती ही अभ्यासाची रीत नव्हे. हा चित्रपट वकिलाच्या घरी जातो, सरकारी वकिलांच्या घरी जातो, न्यायाधीशांच्या सहलीला जातो. शर्मिलाच्या घरात मात्र तो जात नाही. गाडीतून उतरल्यावर ती कोणत्या गल्लीत गेली, चूल कशी पेटली, मुलांना तिने काय सांगितले, हे आपल्याला कळत नाही. दिग्दर्शकाने जाणूनबुजून असे केले असेल. जे आपल्याला ठाऊक नाही ते दाखवण्याचा आव आणायचा नाही, हाही प्रामाणिकपणाच आहे. पण मग ते घर दाखवायचे कोणी?

विद्यार्थी मित्रहो, हा प्रश्न तुमच्यासाठी आहे. मैला वाहून नेण्याच्या प्रथेवर बंदी घालणारा कायदा १९९३ साली झाला. २०१३ साली अधिक व्यापक कायदा झाला. २०१४ साली सर्वोच्च न्यायालयाने गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना दहा लाख रुपये देण्याचा आदेश दिला आणि ऑक्टोबर २०२३ मध्ये ती रक्कम तीस लाख केली. तरीही माणसे गटारात उतरतात आणि मरतात. प्रत्येक मृत्यूनंतर कोणीतरी कुठेतरी साक्ष देते आणि कोणीतरी टंकलेखक तीन ओळी उतरवतो. भरपाईसुद्धा त्या कागदावरूनच मिळते किंवा नाकारली जाते. म्हणून नोंदीचा प्रश्न हा केवळ कलेचा नाही, तो भाकरीचाही आहे.

आज तुमच्या हाती मोबाइलमध्ये कॅमेरा आहे. आपल्या वस्तीत गिरणी, रेल्वे, महापालिका यांत राबलेली माणसे अजून हयात आहेत. त्यांचे बोलणे टिपा. मात्र टिपताना तीन गोष्टी पाळा. पहिली, त्यांच्या शब्दांना तुमच्या शब्दांत बदलू नका. 'समदं' म्हटले तर 'सर्व' लिहू नका. दुसरी, घाई करू नका. माणूस गप्प झाला तर तुम्हीही गप्प राहा, त्या गप्प राहण्यातही साक्ष असते. तिसरी, जे रचाल ते रचले म्हणून सांगा आणि जे घडले ते घडले म्हणून सांगा. दोन्हींची सांगड घालायला हरकत नाही, फसवायला आहे. ताम्हाणे यांनीही सुरुवातीला 'फोर स्टेप प्लॅन' हा माहितीपट केला होता. पाहणे आणि ऐकणे हे आधी शिकावे लागते, गोष्ट नंतर येते.

संस्थेच्या पदाधिकाऱ्यांना माझी एक नम्र सूचना आहे. वर्षातून एकदा आपल्या सभागृहात असा एखादा चित्रपट दाखवावा आणि त्यानंतर दिवे लावून चर्चा करावी. चर्चेत पहिले बोलण्याचा मान वस्तीतल्या एखाद्या आजीला द्यावा. ती जे बोलेल ते विद्यार्थ्यांनी जसेच्या तसे उतरवावे आणि पुढच्या स्मरणिकेत छापावे. माझ्यासारख्याने फार वर्षांपूर्वी एका बाईला 'सगळं लिहिलं' असे सांगितले होते. ते खरे करण्याची संधी तुम्हाला आहे.